दादा कोंडके यांचे विनोदी चित्रपट आणि ठाण्याचा प्रेक्षक

कृष्णा खंडेराव ऊर्फ दादा कोंडके (८ ऑगस्ट १९३२ – १४ मार्च १९९८) हे लोकनाट्यातील सोंगाड्याला मराठी चित्रपटाचा नायक करणारे अभिनेते, निर्माते व दिग्दर्शक होत. घराणे मूळचे भोरजवळच्या इंगवली गावचे. बालपण मात्र मुंबईत, नायगावच्या चाळीत गेले. बँडपथक, ‘अपना बाजार’मधील नोकरी आणि राष्ट्र सेवा दलाचे कलापथक अशा वाटा तुडवत ते रंगमंचावर आले आणि वसंत सबनीस यांनी लिहिलेल्या ‘विच्छा माझी पुरी करा’ या लोकनाट्यातील हवालदाराने त्यांना सर्वदूर ओळख मिळवून दिली.

त्यांच्या दिग्दर्शनाचे मूळ या लोकनाट्यात शोधावे लागते. वगाची, म्हणजे लोकनाट्यातील कथाभागाची, संहिता हा केवळ सांगाडा असतो. त्या दिवशीची बातमी, त्या गावचा पुढारी, समोर उशिरा येऊन बसलेला प्रेक्षक असे काहीही त्यात ऐनवेळी घालता येते आणि हशा कुठे पिकला, किती वेळ टिकला, यावर पुढच्या वाक्याची जागा ठरते. शेकडो प्रयोगांत कमावलेला हा अंदाज पुढे चित्रपट करताना त्यांच्या कामी आला.

भालजी पेंढारकर यांच्या ‘तांबडी माती’ (१९६९) या चित्रपटातून ते पडद्यावर आले. स्वतः निर्मिलेला ‘सोंगाड्या’ (१९७१) गोविंद कुलकर्णी यांनी दिग्दर्शित केला होता. दादरच्या चित्रपटगृहात तो लागू देण्यास टाळाटाळ झाली, तेव्हा बाळासाहेब ठाकरे यांनी शिवसैनिकांकरवी हस्तक्षेप केला, ही हकीकत सर्वश्रुत आहे. दिग्दर्शनाची सूत्रे दादांनी ‘पांडू हवालदार’पासून (१९७५) हाती घेतली. त्यानंतर ‘तुमचं आमचं जमलं’, ‘राम राम गंगाराम’, ‘बोट लावीन तिथं गुदगुल्या’, ‘ह्योच नवरा पाहिजे’ असे चित्रपट आले. नऊ मराठी चित्रपटांनी रौप्यमहोत्सव, म्हणजे २५ आठवडे, गाठल्याबद्दल त्यांचे नाव गिनीज बुकात नोंदले गेले.

दृश्यरचनेच्या दृष्टीने हे चित्रपट साधे आहेत. कॅमेरा बहुधा पहिल्या रांगेतल्या प्रेक्षकासारखा समोर बसून राहतो, आणि पात्रे बतावणीतल्याप्रमाणे, म्हणजे तमाशातील विनोदी सवाल-जबाबाप्रमाणे, एकमेकांचे शब्द झेलत राहतात. समीक्षकांनी यास उणीव मानले. परंतु जिथे विनोद शब्दाच्या फेकीवर आणि त्यानंतरच्या क्षणभराच्या थांब्यावर उभा आहे, तिथे सतत हलणारा कॅमेरा अडथळाच ठरला असता. लोंबती नाडी, ढगळ अर्धी चड्डी आणि चेहऱ्यावरचा बावळट निरागसपणा यांमुळे द्व्यर्थी वाक्याचा उघड अर्थ नायकाकडे राहतो आणि दुसरा प्रेक्षकाच्या मनात तयार होतो. सेन्सॉरशी त्यांचे वारंवार खटके उडाले, तरी पडद्यावर न उच्चारलेला अर्थ कापणे कठीणच होते. स्त्रीपात्रांकडे पाहण्याची या विनोदाची तऱ्हा आज खटकते, हेही नोंदवले पाहिजे. उषा चव्हाण यांच्या नायिका पुष्कळदा नायकापेक्षा हुशार असल्या, तरी कोटीचा रोख त्यांच्या देहावरच राहतो. संगीतात राम-लक्ष्मण ही जोडी पुढे आणण्याचे श्रेय दादांचे असून महेंद्र कपूर आणि उषा मंगेशकर यांचे आवाज त्यांच्या गाण्यांची खूण ठरले.

ठाण्याचा संबंध येतो तो प्रेक्षकाच्या बाजूने. सत्तरच्या दशकात वागळे इस्टेट, रेमंडची गिरणी आणि ठाणे–बेलापूर पट्ट्यातील कारखाने यांमुळे घाटावरून व कोकणातून आलेला कामगार या परिसरात वसला होता. गावची जत्रा आणि तमाशा त्याने मागे सोडला होता, विसरला नव्हता. नायगावच्या चाळीत वाढलेल्या दादांचे घरही असेच गावाकडून शहराकडे आलेले असल्याने या माणसाची बोली त्यांना शिकावी लागली नाही. खाडीपलीकडे नव्या शहरासाठी, म्हणजे नवी मुंबईसाठी, सिडको या शासकीय महामंडळाची स्थापना १९७० साली झाली आणि ९५ गावांच्या जमिनींवर आराखडे आखले जाऊ लागले. त्या आगरी-कोळी गावांत शासकीय अधिकारी, पंचनामा आणि हवालदार हे शब्द रोजचे होत असताना ‘पांडू हवालदार’ पडद्यावर आला. १९७८ मध्ये मासुंदा तलावाकाठी गडकरी रंगायतन उभे राहिले, तोवर दादा चित्रपटात पक्के स्थिरावले होते. ठाणेकराला ते प्रामुख्याने टॉकीजमध्ये भेटले. त्या जमान्याची एक खूण म्हणजे एसटीच्या स्थानकाला चिकटलेले ‘वंदना’ हे चित्रपटगृहाचे नाव.

ऐंशीच्या दशकात दादांनी हिंदीतही चित्रपट काढले, पण ग्रामीण मराठीचा ठसका वजा झाल्यावर कोटी उघडी पडली. पुढे त्यांचे मराठी चित्रपट दूरचित्रवाणीवर वारंवार दाखवले गेले. हशासाठी राखलेले थांबे त्यांत जसेच्या तसे आहेत. दिवाणखान्यातल्या दोन-चार माणसांना मात्र तेच प्रसंग संथ वाटतात.