वाघ काय पुलाखालून जाते का? जाते ना भाऊ!

आमच्याकडं पानठेल्यावर एक गोष्ट वर्षानुवर्षं फिरते, की नागपूरकडच्या मनसर-खवासा रोडवर जनावरांना खालून जाता यावं म्हणून बांधलेले पूल म्हणजे नुसता पैशाचा चुराडा, वाघ काय बोर्ड वाचून खालून जाते का. मलाही आधी तसंच वाटायचं.

पण हे खरं नाही. पेंचच्या जंगलातून जाणारा हा हायवे ४४ चौपदरी केला तेव्हा महाराष्ट्राच्या बाजूला असे ९ पूल-अंडरपास बांधले, सगळ्यात छोटा ५० मीटरचा, मोठा तर ७५० मीटर! देहरादूनच्या वन्यजीव संस्थेनं २०१९ मध्ये खाली कॅमेरे लावले तर १८ जातींची जनावरं सापडली, चितळ, रानडुक्कर तर होतेच पण ११ वेगवेगळे वाघ पण. वाघाचे पट्टे माणसाच्या अंगठ्याच्या ठशासारखे असतात, प्रत्येकाचे वेगळे, म्हणून मोजता येतात, एकच वाघ अकरा वेळा गेला असं नाही ते. बोर्ड कायले लागते, खाली माती तशीच मोकळी, बस झालं.

आता यावरून कोणी म्हणेल की रोडनं जंगलाचं काहीच बिघडलं नाही, तर तेही चूक. झाडं गेलीच. अन् जिथं असे पूल नाहीत तिथं जनावरं अजूनही गाडीखालीच येतात.