पार्श्वभूमी : सहलीची सवलत आणि वडिलांचा दाखला

सारायेव्होच्या ग्रबावित्सा वस्तीत राहणाऱ्या मायलेकींवरील ‘ग्रबावित्सा’ या बोस्नियन चित्रपटाला फेब्रुवारी २००६ मध्ये बर्लिनच्या महोत्सवात सुवर्ण अस्वल मिळाले, तेव्हा त्याची दिग्दर्शिका यास्मिला झ्बानिच ३१ वर्षांची होती. एप्रिल १९९२ मध्ये तिच्या शहराला वेढा पडला, त्या वेळी ती १७ वर्षांची होती. १,४२५ दिवसांच्या त्या वेढ्यात ग्रबावित्सा सर्ब फौजांच्या ताब्यात होती आणि युद्ध संपवणाऱ्या डेटन करारानंतर, मार्च १९९६ मध्ये, ती शहराला परत मिळाली.

चित्रपटात मात्र तोफा नाहीत. शाळेची सहल निघते, शहीदाच्या मुलांना ती मोफत असते आणि इतरांना २०० युरो भरावे लागतात. बारा वर्षांच्या मुलीला आपले वडील शहीद झाले असेच ठाऊक असते, त्यामुळे ती दाखला मागते. आई दाखला टाळून पैशांसाठी वणवण करते, कारण त्या मुलीचा जन्म छावणीतील बलात्कारातून झालेला असतो.

‘शहीद’ हा शब्द मराठी वाचकाला परका नाही. मूळ अरबी असलेला हा शब्द आपल्याकडे ‘हुतात्मा’च्या शेजारी कोणत्याही धर्माच्या सैनिकासाठी सर्रास वापरला जातो, बोस्नियात ‘शेहिद’ म्हटले की धर्मासाठी प्राण दिलेला मुसलमानच डोळ्यांसमोर येतो. सारायेव्होच्या बाजूने लढणाऱ्यांत सर्ब आणि क्रोएटही होते, म्हणून सरकारी मजकुरात ‘शेहिद आणि मृत योद्धे’ अशी जोडी लावण्याचा प्रघात पडला. या जोडीमुळे लढवय्यांचा प्रश्न मिटला, तरी न लढलेल्यांचा तसाच राहिला. नागरी युद्धपीडित म्हणून भत्ता मिळवण्यासाठी किमान ६० टक्के शारीरिक हानी सिद्ध करावी लागे. बलात्काराची हानी टक्क्यांत कशी मोजायची, याचा विचार नियम करणाऱ्यांनी केलेला दिसत नाही.

चित्रपटाच्या खेळांबरोबर सह्यांची मोहीम चालली आणि त्याच वर्षी देशाच्या दोन घटकांपैकी एक असलेल्या फेडरेशनने कायदा बदलून बलात्कारपीडित स्त्रियांचा स्वतंत्र वर्ग मान्य केला. टक्केवारीची अट गेली. देशाच्या दुसऱ्या घटकात, सर्ब प्रजासत्ताकात, वितरकाने चित्रपट लावलाच नाही. आईची भूमिका सर्बियाची राजधानी बेलग्रेडच्या अभिनेत्रीने केली होती, हे येथे आवर्जून सांगायला हवे. डेटनने समाजकल्याण घटकांकडे सोपवले असल्याने एकाच अत्याचाराची भरपाई पत्त्यानुसार बदलत राहिली, आणि तीच विभागणी शाळांतही उतरली : फेडरेशनच्या काही गावांत आजही एका छपराखाली बोस्नियाक (बोस्नियन मुसलमान) आणि क्रोएट मुलांचे वर्ग वेगळे, पाठ्यक्रमही वेगळे.

आयांना वर्ग मिळाला, पण मुलांना आणखी सोळा वर्षे थांबावे लागले. दोन्ही घटकांपासून वेगळा कारभार असलेल्या ब्रचको जिल्ह्याने २०२२ मध्ये ‘युद्धामुळे जन्मलेली मुले’ प्रथम कायद्यात आणली आणि २०२३ मध्ये फेडरेशनने ही मान्यता दिली. ‘मुले’ तोवर तिशीला टेकली होती. सर्ब प्रजासत्ताकाच्या २०१८ च्या कायद्यात त्यांना जागा नाही. त्यांच्या संघटनेची एक मागणी अगदी साधी आहे : सरकारी अर्जावर वडिलांच्या नावाची सक्ती नसावी, आई-वडिलांपैकी कोणा एकाचे नाव पुरेसे धरावे.