लाभ-सव्वा (ग्रामीण विदर्भातील अंकांचे तोडगे)

धान्य मोजताना, नवस फेडताना, आहेर करताना आकडा मुद्दाम पुरा होऊ न देण्याच्या रूढींना येथे ‘लाभ-सव्वा’ या जोडनावाखाली एकत्र घेतले आहे. या रूढी एकट्या विदर्भाच्या नाहीत. महाराष्ट्रभर त्या दिसतात. पण पश्चिमेकडच्या ज्वारी-कापसाच्या आणि पूर्वेकडच्या धानाच्या मुलखात सुगीचा सगळा व्यवहार मापावर चालत आला, त्यामुळे इथे त्या रोजच्या बोलण्यात मुरल्या. त्यांना मांत्रिक लागत नाही, पोथी लागत नाही. मोजता येणारा कोणीही हा तोडगा करू शकतो.

खळ्यावर (वऱ्हाडीत ‘खयं’) रास मोजायला बसलेला मापारी ‘एक’ म्हणत नाही. पहिली पायली शीग लावून भरली, पोत्यात ओतली, की तो म्हणतो ‘लाभ’. दुसरी भरून होईपर्यंत ‘लाभ, लाभ, लाभ’ असे एका सुरात घोळत राहतो, मग ‘दोन, दोन, दोन’. घोळण्यामागे साधी सोय आहे: भोवती माणसे बोलत असतात, पोत्याचे तोंड धरणारा काही विचारतो, धूळ उडत असते, आणि आकडा तोंडात राहिला तर चुकत नाही. पण पहिल्याच मापाचे नाव बदलण्यात सोय काही नाही. तिथे श्रद्धा आहे. ‘एक’ म्हटले की मोजणी सुरू झाली, आणि जे मोजायला घेतले ते संपणारच. ‘लाभ’ म्हटले की पहिले माप हिशेबात धरलेही जाते आणि हिशेबाबाहेरही राहते. रास उचलताना तिच्यात काहीतरी शिल्लक आहे असे वाटत राहावे, हा या शब्दाचा अर्थ असावा. वर्षभराचे पोट ज्या ढिगाऱ्यावर अवलंबून, तो कमी होताना पाहणाऱ्या माणसाला हा शब्द का सुचला, हे समजायला फार विद्वत्ता लागत नाही.

‘सव्वा’ हे त्याचेच दुसरे टोक. शब्द संस्कृत ‘सपाद’वरून आला, म्हणजे पावासह. एकावर पाव. नवसाचे पेढे सव्वा किलो, सत्यनारायणाच्या प्रसादाचा रवा-साखर-तूप सव्वाच्या मापाने, बाळंतिणीची विश्रांती सव्वा महिना, देवापुढे ठेवायचा सव्वा रुपया. पुरा आकडा म्हणजे देणे फिटले, खाते बंद. वरचा पाव म्हणजे पुढच्या आकड्याची सुरुवात, म्हणून नाते चालू. लग्नाच्या आहेरात 100 ऐवजी 101, 500 ऐवजी 501 द्यायचे तेही याच समजुतीने.

अपूर्णांकाची एवढी सवय कुठून आली, याचे उत्तर जुन्या पाढ्यांत सापडते. पंतोजींच्या शाळेत पावकी, निमकी, पाऊणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी तोंडपाठ करून घेत. औट म्हणजे साडेतीन. दोन सव्वा अडीच, तीन सव्वा पावणेचार, चार सव्वा पाच: हे ज्याच्या जिभेवर आहे, त्याला सव्वा हा तुटका आकडा वाटत नाही. 16 आण्यांच्या रुपयात सव्वा म्हणजे सरळ 20 आणे. 1 एप्रिल 1957 पासून दशमान नाणी आली, तरी 25 पैशांचे नाणे ‘चार आणे’ या नावानेच चालत राहिले आणि देवापुढचा सव्वा रुपया अडला नाही. 30 जून 2011 पासून 25 पैशांचे नाणे चलनातून बाद झाले, आणि सव्वा रुपया हातात धरण्याची सोय संपली. त्याची जागा 11 रुपयांनी घेतली. आकडा बदलला, पण वरचा जादा रुपया राहिला. आहेराच्या पाकिटावर 1 रुपयाचे नाणे चिकटवूनच मिळते, ते त्यासाठीच.

साडेतीनची गोष्टही या घराण्यातली. मुहूर्त साडेतीन, देवीची पीठेही साडेतीन, त्यांपैकी माहूर यवतमाळच्या सीमेला लागून. उलट तीन हा आकडा घरात टाळतात. ताटात तीन पोळ्या वाढत नाहीत, तिघांनी मिळून कामाला निघत नाहीत. ‘तीन तिगाडा, काम बिगाडा’ असे म्हणतात.

चंद्रपूर, गडचिरोली, यवतमाळ भागातल्या गोंड समाजात कुळे चार देवे, पाच देवे, सहा देवे, सात देवे अशी ओळखली जातात, आणि देवांची संख्या सारखी असलेल्या कुळांत सोयरीक होत नाही. याला तोडगा म्हणणे चूक ठरेल. ही नात्यांची व्यवस्था आहे. आकड्याला सामाजिक वजन असल्याचे उदाहरण म्हणून इथे नोंदवली.

अंकाच्या श्रद्धेचे एक रूप मात्र गावाला बुडवणारे आहे: मटका, गावच्या भाषेत ‘आकडा’. त्याचा उगम कापसात आहे. न्यूयॉर्कच्या कापूस बाजारातले उघडते आणि बंद होते भाव मुंबईला येत, त्यांच्यावर पैसे लावले जात. ‘ओपन’ आणि ‘क्लोज’ हे शब्द त्यातलेच. 1961 मध्ये ते भाव येणे थांबले, तरी जुगार आकडे काढून चालू राहिला. कापूस पिकवणाऱ्या मुलखात कापसाच्या भावातून जन्मलेला आकडा मजुरी गिळतो, ही गोष्ट वाचून पुढे जाण्यासारखी नाही. स्वप्नात साप दिसला तर अमुक आकडा, प्रेतयात्रा दिसली तर तमुक, असे ठोकताळे इथे चालतात. ‘लाभ’ म्हणणारा मापारी कोणाचे काही घेत नाही. आकडा सांगणारा बाबा घेतो. गुप्तधन शोधण्याच्या नावाखाली होणारी अघोरी कृत्ये महाराष्ट्राच्या 2013 च्या जादूटोणाविरोधी कायद्याने गुन्हा ठरवली आहेत. मटक्याला जुगारबंदीचा कायदा लागतो.

आता मळणीयंत्रातून धान्य थेट पोत्यात उतरते आणि बाजार समितीच्या आवारात इलेक्ट्रॉनिक काट्यावर क्विंटलने मोजले जाते. काट्याच्या पडद्यावर ‘लाभ’ उमटत नाही. घरच्या कणगीतून बियाणे किंवा वर्षाची ज्वारी काढताना जिथे अजून पायली हातात घेतात, तिथे पहिले माप याच नावाने मोजतात.