अपघाताचा क्लेम हायकोर्टाने परत नाशिकला पाठवला, आता पुढे काय?

सीबीएसजवळच्या आपल्या जिल्हा कोर्टात एमएसीटीचा (मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाचा) निकाल लागतो, मग कंपनी नाहीतर आपणच मुंबई हायकोर्टात अपिलात जातो, आणि तिथून केस फेरविचारासाठी परत आली की घरात कुणी पेढे आणतं तर कुणी डोक्याला हात लावून बसतं. दोन्हीची घाई नको, कारण अजून कुणीच जिंकलेलं नसतं.

रिमांडसाठी, म्हणजे केस अशी खालच्या कोर्टात परत पाठवून घेण्यासाठी, वेगळा फॉर्म वगैरे नाही. मोटार वाहन कायद्याच्या कलम 173 खाली निकालापासून 90 दिवसांत अपील करायचं आणि त्यातच ती मागणी करायची, उशीर झाला तर कारण दाखवून माफीचा अर्ज सोबत जोडायचा. वादातली रक्कम 1 लाखाच्या आत असेल तर अपीलच होत नाही. ज्याला पैसे भरायचा आदेश झालाय (बहुतेक वेळा इन्शुरन्स कंपनी) त्याने अपील केलं तर 25 हजार किंवा रकमेच्या 50 टक्के, जे कमी असेल ते, आधी जमा करावं लागतं.

केस परत जाते कधी, तर नोटीस न पोचता एकतर्फी निकाल झाला, पुरावा द्यायला संधीच मिळाली नाही, किंवा महत्त्वाचा मुद्दा ठरवायचाच राहिला. पण रेकॉर्डवर पुरेसा पुरावा असेल तर हायकोर्ट स्वतःच रक्कम कमीजास्त करून विषय संपवू शकतं, म्हणून वकील रिमांड मागू म्हणाले तर खरंच गरज आहे का हे नीट विचारा, नाहीतर परत तारखा सुरू.

आदेश आला की सर्टिफाइड कॉपी काढा आणि शेवटचा पॅरा दोनदा वाचा. सगळी केस उघडली की एकच मुद्दा, नवीन पुरावा चालेल का, जमा रकमेचं काय आणि नाशिकला हजर व्हायची तारीख कोणती, हे सगळं तिथेच सापडतं. समजा द्वारका सर्कलला टेम्पोने उडवलं, पायाला कायमचं अपंगत्व आलं, सिव्हिल हॉस्पिटलचं सर्टिफिकेट फाइलला लावलं पण डॉक्टरांची साक्षच झाली नाही आणि केस तेवढ्यासाठीच परत आली, तर मग डॉक्टरांना समन्स काढायचा अर्ज पहिल्याच तारखेला द्या, बाकी मुद्दे उकरत बसू नका, कोर्ट ऐकणार नाही. आधीच्या साक्षी साधारणपणे तशाच धरल्या जातात, म्हणजे तुम्हाला परत पिंजऱ्यात उभं राहावं लागेलच असं नाही.

सोबत ठेवा: आदेशाची कॉपी, जुना निकाल, एफआयआर, पंचनामा, पॉलिसी, आधार, उत्पन्नाचे कागद (पगारपत्रक, आयटीआर, शेती असेल तर सातबारा), दवाखान्याची बिलं. मृत्यूचा क्लेम असेल तर पोस्टमॉर्टेम रिपोर्ट आणि वारसांचे पुरावे. वकील बदलला असेल तर नवीन वकीलपत्र. फी परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज करा, महिलांना तिथे उत्पन्नाची अटच नाही.

केस बहुतेक जुन्याच नंबरवर परत नोंदली जाते, तेव्हा ई-कोर्ट्स अ‍ॅपवर आधी तोच नंबर टाकून बघा आणि तारीख दिसत नसेल तर कॉपी घेऊन थेट कोर्टाच्या क्लार्ककडे जा, घरी नोटीस येईल म्हणून थांबू नका.