थेट प्रक्षेपणातील गेमची कॅटेगरी : नोंद, नाव आणि नोंदीमागचा इतिहास

कोपरखैरणेतील माथाडी कामगारांच्या बैठ्या घरांपैकी एका घराच्या माळ्यावरून माझा भाचा आठवड्यातून चार रात्री लाइव्ह जातो. मोबाइलवरचा गेम, जुन्या संगणकावर ओबीएस हे प्रक्षेपणाचे सॉफ्टवेअर, टेबलाला चिकटवलेला माइक आणि मराठीतून चाललेली अखंड बडबड, एवढाच त्याचा संसार आहे. एका रात्री त्याने बीजीएमआय या मोबाइल गेमची कस्टम रूम, म्हणजे बोलावलेल्या खेळाडूंचा खासगी सामना, ठेवली होती. शीर्षक नीट लिहिले होते, थंबनेलही वेळेत तयार होता. पण अर्धा तास उलटला तरी नेहमीची माणसे सोडली तर नवीन कोणीच आले नाही. मग चॅटमध्ये एका मुलाने विचारले, "दादा, माइनक्राफ्ट कधी चालू करणार?" तेव्हा उलगडा झाला. आदल्या स्ट्रीमची, म्हणजे थेट प्रक्षेपणाची, सेटिंग्ज तशीच पुन्हा वापरल्यामुळे व्हिडिओखाली गेमचे नाव, म्हणजेच कॅटेगरी, माइनक्राफ्ट या दुसऱ्याच गेमची राहिली होती. जे बीजीएमआय शोधत होते त्यांना तो स्ट्रीम त्या नावाखाली सापडला नाही, आणि जे माइनक्राफ्टसाठी आले ते दोन मिनिटांत परत गेले.

खाली जेवत बसलेल्या दाजींना हा प्रकार समजावून सांगावा लागला नाही. त्यांची सगळी उमेद वाशीच्या बाजार समितीत गेली आहे. ते म्हणाले, "कांदा-बटाटा मार्केटला हापूसची पेटी उतरवलीस, तर आंब्याचं गिऱ्हाईक तिकडं कशाला येईल?" बाजार समितीत कांदा-बटाटा, फळे, भाजीपाला, धान्य आणि मसाला अशी पाच मार्केटे वेगवेगळी आहेत, आणि माल कितीही चांगला असला तरी तो आधी योग्य मार्केटात पोहोचावा लागतो. कॅटेगरीचे काम याहून फारसे वेगळे नाही. फरक एवढाच की बाजार समितीच्या दारात गाडी तपासली जाते, तर थेट प्रक्षेपणात कोणत्या दाराने आत जायचे हे प्रसारक स्वतःच सांगतो आणि त्याच्या शब्दावर विश्वास ठेवला जातो. कॅटेगरीचा गेल्या दीड दशकाचा इतिहास म्हणजे या विश्वासाभोवती उभ्या राहिलेल्या व्यवस्थेचा इतिहास आहे, असे माझे मत आहे.

या व्यवस्थेची सुरुवात ज्या संकेतस्थळापासून झाली त्याचा गेमिंगशी सुरुवातीला काहीही संबंध नव्हता. 2007 च्या मार्च महिन्यात जस्टिन कान या तरुणाने टोपीला कॅमेरा लावून स्वतःचे रोजचे आयुष्य चोवीस तास इंटरनेटवर दाखवायला सुरुवात केली. एमेट शीअर, मायकल सायबेल आणि काइल व्होग्ट हे त्याचे सहसंस्थापक होते. त्याच वर्षी जस्टिन डॉट टीव्ही सर्वांसाठी खुले झाले आणि कोणीही आपले चॅनेल काढू लागला. तेव्हा तेथे मनोरंजन, क्रीडा, तंत्रज्ञान अशा मोठ्या विभागांच्या रांगेत गेमिंग हाही एक विभाग होता. त्या विभागात गेमचे नाव दुय्यम होते; माणूस काहीतरी खेळतो आहे, एवढेच पुरेसे मानले जाई. परंतु हाच विभाग इतरांपेक्षा वेगाने वाढला आणि जून 2011 मध्ये तो ट्विच या नावाने स्वतंत्र झाला. झटपट प्रतिक्षिप्त हालचालींवर चालणाऱ्या खेळण्याला इंग्रजीत जो शब्द आहे, त्यावरूनच हे नाव घेतले गेले. ऑगस्ट 2014 मध्ये जस्टिन डॉट टीव्ही बंद झाले आणि त्याच महिन्यात ॲमेझॉनने ट्विच सुमारे 97 कोटी डॉलरना विकत घेण्याची घोषणा केली.

एकच "गेमिंग" ही पाटी पुरेनाशी झाली, ती या टप्प्यावर. सगळेच गेम खेळत असतील, तर प्रेक्षकाचा प्रश्न "कोण खेळतो आहे" याच्या आधी "काय खेळतो आहे" हा असतो. म्हणून प्रत्येक गेमचे स्वतंत्र पान झाले, त्या पानावर त्या क्षणी चालू असलेले सर्व स्ट्रीम एकत्र दिसू लागले आणि अधिक प्रेक्षक असलेला स्ट्रीम वर, कमी प्रेक्षक असलेला खाली, अशी मांडणी रूढ झाली. या मांडणीत लहान प्रसारकावर अन्याय होतो हे खरे आहे. हजारो स्ट्रीम असलेल्या गेमच्या पानावर पाच प्रेक्षकांचा मुलगा तळाशीच राहतो. तरीही तळाशी का होईना, योग्य पानावर असणे महत्त्वाचे आहे, कारण जो प्रेक्षक मुद्दाम खाली स्क्रोल करतो, तो नवीन माणूस शोधायलाच आलेला असतो.

गेमनिहाय पाने करायची म्हणजे जगातल्या सर्व गेमची नावे कोणीतरी लिहून ठेवलेली असायला हवीत. हे काम किती किचकट आहे, याची कल्पना बाहेरून येत नाही. एकाच गेमचे मूळ नाव, प्रादेशिक नाव, सुधारित आवृत्ती, मोबाइल आवृत्ती आणि चाहत्यांच्या तोंडी असलेले लघुरूप अशी पाच-सहा नावे सहज असतात. ट्विचने बराच काळ यासाठी जायंट बॉम्ब या गेमिंग संकेतस्थळाच्या माहितीकोशाचा आधार घेतला, ज्यात वाचकच नोंदी भरत असत. पुढे 2019 मध्ये ट्विचने आयजीडीबी हा गेमचा माहितीकोश विकत घेतला आणि त्यानंतर गेमची नावे तेथून येऊ लागली. त्यामुळे आजही एखाद्या नव्या गेमचे नाव कॅटेगरीच्या शोधात सापडले नाही, तर आधी त्या कोशात नोंद व्हावी लागते. अप्रसिद्ध किंवा अर्धवट तयार गेमसाठी "गेम्स आणि डेमोज" अशी एक सर्वसाधारण कॅटेगरी ठेवलेली आहे. नवीन गेम बनवणाऱ्यांचे स्ट्रीम पाहण्यासाठी मी स्वतः तेथे वरचेवर जातो.

नाव भरण्याचा प्रश्न काही ठिकाणी यंत्राने सोडवला. नोव्हेंबर 2013 मध्ये आलेल्या प्लेस्टेशन 4 च्या कंट्रोलरवर शेअरचे बटण होते आणि तेथूनच थेट ट्विचवर जाता येत असे. कोणता गेम चालू आहे हे यंत्राला आधीच ठाऊक असल्याने नावाची चूक होण्याला वाव उरत नसे. संगणकावर मात्र ही सोय नव्हती. 2012 मध्ये आलेले ओबीएस हे मोफत सॉफ्टवेअर चित्र आणि आवाज पुढे पाठवते. त्या चित्रात काय चालले आहे याचा अर्थ ते लावत नाही. म्हणून गेम बदलला की कॅटेगरी बदलण्याची जबाबदारी माणसावर राहिली. मोठ्या चॅनेलवर ही जबाबदारी मॉडकडे, म्हणजे चॅट सांभाळणाऱ्या मदतनिसाकडे असते आणि तो चॅटमध्ये बॉटला, म्हणजे आपोआप चालणाऱ्या प्रोग्रॅमला, एका ओळीची आज्ञा लिहून नाव बदलतो. एकट्याने स्ट्रीम करणाऱ्याला मात्र हे खेळता खेळताच करावे लागते, आणि विसरणाऱ्यांत बहुतेक हेच लोक असतात.

जे गेमच नाही त्याचे काय करायचे, हा पुढचा प्रश्न होता. ट्विचवर लोक चित्रे काढत, गात, स्वयंपाक करत आणि नुसत्या गप्पाही मारत. ऑक्टोबर 2015 मध्ये कलाकारीसाठी "क्रिएटिव्ह" हा विभाग आला. त्याची सुरुवात बॉब रॉस या अमेरिकी चित्रकाराच्या दूरचित्रवाणी मालिकेचे सर्व भाग सलग दाखवून झाली. डिसेंबर 2016 मध्ये रोजच्या आयुष्यासाठी "आयआरएल" (इन रिअल लाइफ) विभाग आला, म्हणजे जस्टिन कानने जेथून सुरुवात केली होती तेथेच गाडी नऊ वर्षांनी पुन्हा पोहोचली. 2018 च्या सप्टेंबरमध्ये हे दोन्ही विभाग फोडून गप्पा, प्रवास, खाद्यपदार्थ, कला, संगीत, क्रीडा अशा स्वतंत्र कॅटेगरी केल्या गेल्या आणि त्यांच्या जोडीला टॅग, म्हणजे स्ट्रीमला लावायच्या छोट्या खुणेच्या चिठ्ठ्या, आले. यांतली "जस्ट चॅटिंग" ही गप्पांची कॅटेगरी पुढे ट्विचवर सर्वाधिक पाहिल्या जाणाऱ्या कॅटेगरींत जाऊन बसली. 2022 पासून प्रसारकांना स्वतःच्या शब्दांत टॅग लिहिण्याची मुभाही मिळाली. मराठी प्रसारकांसाठी ही बाब मोलाची आहे, कारण गेमचे पान जगभराचे असते आणि त्या गर्दीत "हा स्ट्रीम मराठीत आहे" हे सांगणारा टॅगच आपल्या माणसाला थांबवतो.

प्रसारकाच्या शब्दावर चालणारी ही व्यवस्था किती सहज मोडू शकते, हे मे 2019 मध्ये दिसले. व्हॉल्व्ह कंपनीचा आर्टिफॅक्ट हा पत्त्यांचा गेम नोव्हेंबर 2018 मध्ये आला होता आणि काही महिन्यांतच त्याचे खेळाडू पांगले होते. त्याच्या ट्विचवरील पानावर जवळपास कोणी नसल्याने ती मोकळी जागा काहींनी टवाळीसाठी वापरायला सुरुवात केली. गेम न खेळताच त्या नावाखाली स्ट्रीम होऊ लागले. आधी विनोदी चित्रफिती आल्या, मग चोरलेले चित्रपट, त्यानंतर अश्लील दृश्ये, आणि शेवटी त्याच वर्षी मार्चमध्ये न्यूझीलंडमधील क्राइस्टचर्चच्या मशिदींवर झालेल्या हल्ल्याचे चित्रीकरणसुद्धा. नवीन खात्यांना लाइव्ह जाण्यापासून ट्विचला तात्पुरते रोखावे लागले आणि जूनमध्ये कंपनीने कॅलिफोर्नियातील न्यायालयात अज्ञात व्यक्तींविरुद्ध दावा दाखल केला. ज्या मोजक्या लोकांना तो गेम खरोखर आवडत होता, त्यांची एकत्र येण्याची जागा त्या दिवसांत हातून गेली. चुकीची कॅटेगरी टाकणे हा किरकोळ खोडसाळपणा आहे असे जे समजतात, त्यांनी ही घटना जरूर लक्षात घ्यावी.

भारतात, आणि विशेषतः आपल्याकडे, या प्रश्नाला वेगळेच वळण लागले. सप्टेंबर 2016 मध्ये जिओची सेवा सुरू झाली आणि मोबाइल डेटा एकदम स्वस्त झाला; त्या कंपनीचे मोठे संकुल कोपरखैरणेच्या पुढच्याच स्थानकाला, घणसोलीला आहे. 2018 च्या मार्चमध्ये पबजी मोबाइल आला आणि त्यानंतर ज्या पिढीच्या घरात संगणकही नव्हता, ती फोनवरूनच खेळू आणि दाखवू लागली. या पिढीचे प्रक्षेपण मुख्यतः यूट्यूबवर होते. यूट्यूबने ऑगस्ट 2015 मध्ये गेमिंगसाठी स्वतंत्र ॲप काढले होते, ते मे 2019 मध्ये बंद करून मूळ यूट्यूबमध्येच विलीन केले. तेथे कॅटेगरी दोन पायऱ्यांत भरावी लागते: आधी "गेमिंग" हा विभाग निवडायचा आणि त्यानंतर उघडणाऱ्या रकान्यात गेमचे नाव शोधून टाकायचे. हा दुसरा रकाना ऐच्छिक आहे, आणि ऐच्छिक असल्यामुळेच अनेक जण तो रिकामा सोडतात. ट्विचवर स्ट्रीम चालू असताना कॅटेगरी बदलली, तर रेकॉर्डिंगमध्ये त्या ठिकाणी नवा भाग पडतो. यूट्यूबवर मात्र संपूर्ण व्हिडिओला एकच नाव लागते.

मग आली बंदी. 2 सप्टेंबर 2020 रोजी केंद्र सरकारने 118 ॲपवर बंदी घातली, त्यांत पबजी मोबाइल होता. 2 जुलै 2021 रोजी क्राफ्टन कंपनीने भारतासाठी बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, म्हणजेच बीजीएमआय, आणला. नकाशे तेच, बंदुका त्याच, खेळणारी मुलेही तीच. नाव तेवढे वेगळे. मुलांच्या तोंडी आजही "पबजी खेळू या का" हेच वाक्य आहे, आणि म्हणून स्ट्रीमवरही सवयीने जुने नाव पडत राहिले. पण पबजी मोबाइलच्या पानावर जगभरचे खेळाडू असतात आणि भारतीय सर्व्हरवरची रूम शोधणारा मुलगा बीजीएमआयच्या पानावर असतो. फेब्रुवारी 2022 मध्ये फ्री फायर या गेमवर बंदी आली, परंतु त्याचीच आवृत्ती असलेला फ्री फायर मॅक्स चालू राहिला, म्हणून तेथेही तोच गोंधळ झाला. त्याच वर्षी जुलैअखेर बीजीएमआयसुद्धा ॲप स्टोअरमधून काढला गेला आणि 2023 च्या मे महिन्यात परत आला. तीन वर्षांच्या आत नावांत इतके फेरफार झाले असताना एखाद्या सोळा वर्षांच्या मुलाने चुकीची कॅटेगरी टाकली, तर त्याला निष्काळजी म्हणणे मला न्याय्य वाटत नाही.

अलीकडे कॅटेगरीला केवळ शोधापुरते महत्त्व राहिलेले नाही. जून 2023 पासून ट्विचवर आशयाची लेबले आली आणि प्रौढांसाठी प्रमाणित केलेल्या गेमची कॅटेगरी निवडली की त्याचे लेबल आपोआप लागते. म्हणजे चुकीचे नाव टाकणारा प्रसारक नकळत लहान प्रेक्षकासमोरची सूचनाही काढून टाकत असतो. भारतात ऑगस्ट 2025 मध्ये संमत झालेल्या ऑनलाइन गेमिंग कायद्याने पैसे लावून खेळायचे ऑनलाइन खेळ आणि त्यांची जाहिरात यांवर बंदी आणली आणि ई-स्पोर्ट्सला, म्हणजे गेमच्या स्पर्धांना, स्वतंत्र मान्यता दिली. कोणता गेम कोणत्या प्रकारात मोडतो हा प्रश्न आता प्रसारकाच्या सोयीपुरता उरलेला नाही.

माइनक्राफ्टच्या त्या रात्रीनंतर भाच्याने आपल्या चॅनेलवरचे जुने रेकॉर्डिंग तपासायला घेतले. यूट्यूब स्टुडिओत एकेक व्हिडिओ उघडून तो गेमचे नाव पाहत होता आणि मी शेजारी बसून तारखा वाचून दाखवत होतो. जुलै 2021 नंतरचे बरेच स्ट्रीम पबजी मोबाइलच्या नावावर होते, ते त्याने बीजीएमआयवर नेले. त्याआधीचे, तो सातवीत असताना मोठ्या भावाच्या फोनवरून केलेले सहा स्ट्रीम आले तेव्हा मी विचारले की हेही बदलायचे का. तो म्हणाला, "नको मामा, तेव्हा पबजीच होतं." त्या सहांचे नाव त्याने तसेच ठेवले आणि सातवा व्हिडिओ उघडला.