सर्व्हर-साइड टेम्प्लेटिंग

वेबपान ब्राउझरकडे जाण्याआधीच सर्व्हरवर पूर्ण तयार करण्याची पद्धत. पानाचा कायमचा भाग एचटीएमएलमध्ये (वेबपान लिहिण्याच्या खुणांच्या भाषेत) लिहून बदलत्या मजकुरासाठी खुणा सोडतात, हे टेम्प्लेट. लातूर बाजारातील सोयाबीनसारख्या शेतमालांचे किमान, कमाल व सर्वसाधारण दर दाखवायचे, तर तक्त्याची ओळ एकदाच लिहून लूपने (तीच कृती पुन्हा पुन्हा करणाऱ्या सूचनेने) शेतमालागणिक फिरवतात.

पद्धतीचा खरा फायदा बदलाच्या वेळी कळतो. २०२३ मध्ये औरंगाबाद जिल्हा छत्रपती संभाजीनगर झाला, उस्मानाबाद धाराशिव. पानोपानी नाव हाताने टाइप केलेले असेल, तर प्रत्येक पान उघडून दुरुस्त करणे आले. शीर्षपट्टी सामाईक टेम्प्लेटमध्ये आणि जिल्ह्यांची यादी डेटाबेसमध्ये असेल, तर दोन जागी हात लावून भागते. जुन्या दाखल्यांवर मात्र जुने नाव राहू द्यायचे की नाही, हे टेम्प्लेट ठरवू शकत नाही.

रास्मुस लेरडॉर्फ यांनी १९९५ मध्ये पीएचपी ही सर्व्हरवर पाने बनवण्याची भाषा खुली केली; पुढे त्याच कामासाठी एएसपी (१९९६) व जेएसपी (१९९९) आले. या सर्वांत एचटीएमएलमध्येच कोड मिसळता येई, आणि लोक तो मनसोक्त मिसळत. २००५ मध्ये आलेल्या जँगो या पायथन भाषेतील फ्रेमवर्कने (संकेतस्थळ बांधण्याच्या तयार सांगाड्याने) टेम्प्लेटमध्ये मनमानी पायथन कोड लिहूच दिला नाही. हा जाच नव्हे, शिस्त होय. तक्रार अर्जात नावाच्या रकान्यात कोणी स्क्रिप्ट (ब्राउझरमध्ये चालणारा कोड) भरली, तर ती न चालवता अक्षरे म्हणून दाखवणेही टेम्प्लेट इंजिनचेच (टेम्प्लेटमध्ये मजकूर भरणाऱ्या प्रोग्रामचेच) काम, जँगो १.० पासून (२००८) ते आपोआप करतो.

एएसपी डॉट नेट वेब फॉर्म्स (२००२), जेएसएफ (२००४), विकेट यांसारखी कंपोनंट फ्रेमवर्क पान मजकूर म्हणून नव्हे, तर ऑब्जेक्टांची (यादी, बटण अशा स्वतंत्र घटकांची) उतरंड म्हणून हाताळतात. जिल्ह्याच्या यादीत लातूर निवडताच औसा, निलंगा, उदगीर असे दहा तालुके पुढच्या यादीत यावेत, एवढे प्रोग्रामर सर्व्हरच्या बाजूने लिहितो. मग मधली स्थिती, म्हणजे कोणी काय निवडले ते, लक्षात कोणी ठेवायची? विकेट ती सर्व्हरवर सेशनमध्ये (त्या वापरकर्त्याच्या भेटीपुरत्या नोंदीत) जपते. वेब फॉर्म्स ती व्ह्यूस्टेट नावाच्या लपलेल्या रकान्यात भरतात आणि पान सर्व्हरकडे जाईल तेव्हा तिची ने-आण करतात. मोठ्या तक्त्यात हा बोजा फुगतो; गावाकडच्या अडखळत्या नेटवर्कवर तो लगेच जाणवतो.

ब्राउझरमध्येच पान रचणाऱ्या रिॲक्टनंतर (२०१३) बरेच काम ब्राउझरकडे सरकले, पण त्यावरच उभारलेल्या नेक्स्ट.जेएसने (२०१६) पहिले पान पुन्हा सर्व्हरवर बांधायला घेतले. एचटीएमएक्स ही छोटी जावास्क्रिप्ट लायब्ररी वापरल्यास पूर्ण पान न पाठवता तालुक्यांच्या यादीपुरता एचटीएमएलचा तुकडा सर्व्हर धाडतो. दरपत्रके, निकाल, अर्ज अशा पानांना बहुधा एवढे पुरते.