पार्श्वभूमी : दशावतारी नट आणि ट्रिकसीनचा वाद

दशावतार म्हणजे पुराणकथांवरचं तळकोकणातलं लोकनाट्य. त्यातला नट एकाच कलेवर कधी जगला नाही. कार्तिकात जत्रा सुरू झाल्या की देवळांपुढे रात्रभर नाटक, पावसात भातशेती, मधल्या दिवसांत भजनाची डबलबारी (दोन भजनी बुवांचा सामना), अधूनमधून मुंबईत चाकरमान्यांसमोर प्रयोग आणि अलीकडे मालवणी मालिकांत मिळतील ती कामं. त्यामुळे असा नट प्रायोगिक रंगमंचावर किंवा कॅमेऱ्यापुढे गेला तर गावात कुणी भुवया उंचावत नाही. वाद पेटला तो खुद्द दशावतारातच केलेल्या प्रयोगावरून, म्हणजे ट्रिकसीनवरून: रंगमंचावर युक्तीने घडवलेल्या चमत्कारांवरून.

जत्रांच्या दिवसांत गावाच्या तिठ्यावर बॅनर लागतो: ‘ट्रिकसीनयुक्त पौराणिक नाट्यप्रयोग’. दूरदर्शनवर १९८७ मध्ये रामायण आणि १९८८ मध्ये महाभारत सुरू झालं. बाणावर बाण आदळताना घरबसल्या पाहिलेल्या माणसाला पहाटेपर्यंत जागवायचं, तर नुसती लढाईची गिरकी पुरेना. मग धूर आला, रंगीत दिवे आले, धडावेगळं होणारं मुंडकं आणि डोळ्यांदेखत अदृश्य होणारा राक्षस आला. जुन्या जाणकारांनी नाकं मुरडली, परंपरा बाटली म्हणाले. दशावतारी मंडळांचं उत्तर रोकडं होतं: गर्दी यालाच होते.

दोन्ही बाजू देखाव्यावरच भांडत राहिल्या. खरा फरक पडला तो नटाच्या बोलण्यात. दशावताराला लिहिलेली संहिता नसते. रंगपटात, म्हणजे नटांच्या तयारीच्या खोलीत, तोंडाला रंग फासता फासता आख्यान ठरतं, राजपार्ट कुणाचा, खलपार्ट कुणाचा, स्त्रीपार्ट कुणाचा ते कळतं, आणि पुढचे संवाद उभ्या उभ्या रचायचे. समोरच्याने अडचणीत टाकणारा प्रश्न विचारला तर पुराणातला दाखला देऊन तो परतवायचा. रंगलेली जुगलबंदी तासभरही चालते. पायपेटीवाला आणि पखवाजी नटाच्या तोंडाकडे बघून पद उचलतात. सगळं नेपथ्य म्हणजे एक बाकडं. ते सिंहासनही होतं आणि पर्वतही.

ट्रिकसीनला हा ऐसपैस कारभार परवडत नाही. मुंडकं उडायचं तर ते ठरलेल्या वाक्यालाच उडायला हवं. बटणावर बोट ठेवून बसलेला माणूस त्या वाक्याची वाट बघत असतो. नटाने आयत्या वेळी दोन वाक्यं वाढवली की धूर आधीच सुटतो. मग तालीम आली, वाक्यं पक्की झाली. कोणी काहीही म्हणो, दशावतारातला सगळ्यात धाडसी प्रयोग उत्स्फूर्त संवाद हाच होता, आणि त्याच्यावर घाला पडला तेव्हा परंपरेच्या कैवाऱ्यांचं लक्ष धुराकडे होतं. अर्थात ट्रिकसीन सांभाळून बोलण्यातली धार टिकवणारे नटही आहेत, पण थोडे.

मुख्य आख्यानाआधीच्या आडदशावताराचंही असंच झालं. गणपती, सरस्वती, वेद पळवणारा संकासुर आणि त्याच्या मालवणी कोट्या हा पूर्वरंग बऱ्याच ठिकाणी गणपती-सरस्वतीवर आटोपतो. मुंबईच्या नाट्यगृहात तीन तासांत पडदा पाडायचा असल्यावर संकासुराला कोण जागा देणार? १९८० साली आलेल्या ‘वस्त्रहरण’मुळे मालवणी बोली शहरी रंगभूमीवर हुकमी ठरली खरी, पण त्यातली फजिती गावच्या हौशी नाटकाची आहे, दशावताराची नव्हे, ही गल्लत अजून होते.

उगमाबद्दल थोडक्यात. १७२८च्या सुमारास हा खेळ कर्नाटकातून कोकणात आणला गेला, असं सांगतात. मात्र दशावतारी खेळातल्या सुंदर नारी म्हणजे वेष घेतलेले धटिंगण, असं सतराव्या शतकातल्या दासबोधातच म्हटलं आहे. तेव्हा १७२८ला फार तर कोकणात नव्याने बसलेली घडी म्हणता येईल. १८४३च्या सांगलीतल्या पहिल्या मराठी नाटकाशी दशावताराचं नातं किती, यावर अभ्यासकांचं एकमत नाही.

पुढे संयुक्त दशावतार आला. वेगवेगळ्या मंडळांतले गाजलेले नट एका रात्रीपुरते एकत्र येतात आणि कसलेल्या नटाला बरोबरीचा प्रतिस्पर्धी मिळतो. २०२०मध्ये जत्रांवर निर्बंध आले तेव्हा काहींनी मोबाइलच्या कॅमेऱ्यापुढे प्रयोग केले. आता जत्रेतल्या नाटकाचंही चित्रीकरण होतं. एका गावात टाळी घेतलेली कोटी पुढच्या गावात पोचेपर्यंत लोकांनी मोबाइलवर ऐकलेली असते, म्हणून त्याच आख्यानाला रोज नवं बोलणं शोधावं लागतं.